वायरकाका आणि न हलणारा आकडा

ऑफिसात त्यांना सगळे वायरकाका म्हणायचे. तोंडावर नाही, पण त्यांना माहीत होतं. अठ्ठावन्न वर्षांचा माणूस, शर्टाचं वरचं बटण कायम लावलेलं, डबा खातानाही एक डोळा स्क्रीनवर. आमचं काम हॉस्पिटलांसाठी सॉफ्टवेअर करायचं. ऑक्सिजनच्या टाकीत दाब किती, रक्ताचा फ्रीज किती थंड, हे सेन्सरकडून घ्यायचं, स्क्रीनवर दाखवायचं आणि बिघडलं तर घंटा वाजवायची. त्यातले सगळे प्रोग्राम एकाच फाइलच्या जिवावर चालतात. तिला आम्ही लायब्ररी म्हणतो. सेन्सरशी बोलते ती. बाकीचे नुसते तिला विचारतात आणि ती सांगेल ते खरं मानतात. काकांनी ती अकरा वर्षं पोटच्या पोरीसारखी सांभाळली होती.

त्यांचा नाद एकच. टेबलाच्या कडेला त्यांनी एक खरा सेन्सर लावून ठेवला होता. रोज सकाळी, आणि लायब्ररी बदलली की लगेच, त्याची वायर उपसायची आणि घड्याळ बघत उभं राहायचं. मिनिटाच्या आत स्क्रीन लाल झाली, घंटा वाजली, की म्हणायचे, "जिवंत आहे." मग चहा.

"काका, हिरवं दिसतंय की सगळं! कशाला तिला छळता?" मी म्हणायचे.

"अगं, बंद पडली तरी हिरवंच दिसतं. तोच तर घोळ आहे."

आम्ही खिदळायचो. मी सगळ्यात जास्त. माझी जीभ जरा लांबच आहे.

मग काकांना न्यूमोनिया झाला. ज्या हॉस्पिटलात आमचीच स्क्रीन लागलेली, तिथेच त्यांना ठेवलं. नाकातोंडावर ऑक्सिजनचा मास्क, आणि पलंगावरून समोरच नर्सच्या टेबलावरची स्क्रीन दिसायची. लायब्ररी माझ्याकडे आली. तिसऱ्या दिवशी सकाळी मी तिच्यात एक छोटी दुरुस्ती केली आणि ऑफिसातल्या मशीनवर आणि हॉस्पिटलात एकदमच चढवली. वायर? राहू दे म्हटलं. मीटिंगला उशीर होत होता.

साडेबाराला काकांचा फोन. मास्क बाजूला करून बोलत होते. दर दोन शब्दांमागे एक धाप.

"टाकीचा आकडा... आठ पॉइंट दोन. तासभर हललाच नाही."

"स्थिर असेल हो काका. तुम्ही आराम करा बघू."

"आज नवीन फाइल चढवलीस?"

"हो."

"वायर ओढलीस ना?"

काय सांगू, तोंडातून निघूनच गेलं. "हो, ओढली की."

"मग ठीक," ते म्हणाले आणि फोन ठेवला.

खऱ्या टाकीचा आकडा कधी गप्प बसत नाही, शेवटचा अंक सारखा थरथरतो. मी धावत काकांच्या टेबलाशी गेले आणि वायर उपसली. घड्याळाकडे बघत राहिले. वीस सेकंद. चाळीस. मिनिट झालं, दोन झाली. वायर माझ्या हातात लोंबत होती आणि स्क्रीन हिरवीगार.

आमच्याकडे लायब्ररीच्याच नावाची एक नकली फाइल असते. सेन्सर नसताना प्रोग्राम तपासायला. कुणी काहीही विचारा, ती ठरलेला आकडा सांगते आणि सगळं ठीक म्हणते. मी चुकीच्या फोल्डरमधून तीच उचलली होती.

वॉर्डात फोन लावला. "काकांच्या वॉर्डातल्या सिस्टर का? टाकीत दाब किती आहे?"

"आठ पॉइंट दोन. सगळं ठीक आहे मॅडम."

"स्क्रीन सोडा हो! कुणाला तरी टाकीकडे पळवा, तिथला काटा बघायला सांगा! आत्ताच्या आत्ता!"

फोन कानाला धरून मी खरी फाइल चढवत होते. पासवर्ड दोनदा चुकला. तिसऱ्यांदा चढली. फोनमधून मला तिथली घंटा ऐकू आली. मग पळापळ, चाकांची खडखड, कुणीतरी ओरडलं, "सिलिंडर आणा, सगळ्या बेडना!" टाकीचा खरा आकडा होता एक पॉइंट चार. त्या वॉर्डात अठरा माणसं होती, आणि त्यातले एक आमचे काका. देवा, तेवढ्या वेळात काय काय मनात आलं ते मी कुणाला सांगितलेलं नाही.

सगळी वाचली.

दुसऱ्या दिवशी भेटायला गेले आणि रडत रडत सगळं सांगून टाकलं. काकांनी ऐकून घेतलं. मग मास्क जरा वर उचलून म्हणाले, "तू ओढली म्हणालीस ना, म्हणून मी निवांत डोळे मिटले होते."

एवढंच. साहेबांकडे तक्रार नाही, आवाज चढवणं नाही. महिन्याने कामावर आले तेव्हा वाळून निम्मे झाले होते. पूर्वी सुट्टीवरून आले की आधी मला विचारायचे, "ओढत होतीस ना गं वायर?" त्या सकाळी मी तयारच होते. रोजची तारीख, वेळ, किती सेकंदांत घंटा वाजली, सगळं वहीत लिहून ठेवलं होतं.

काका माझ्याकडे बघून हसले, माझ्या मुलीची चौकशी केली. मग टेबलाशी गेले आणि मला काही न विचारता त्यांनी वायर उपसली.