वैजयंतीताईंनी मागे घेतलेला पेपर

वैजयंतीताई जायच्या अकरा दिवस आधी मी त्यांना सांगितलं, "ताई, आपलं चुकलंय."

त्याला वर्ष उलटून गेलं. ताईंना जाऊन आज बरोबर वर्ष.

ताई इथल्या युनिव्हर्सिटीत जीनोमवर, म्हणजे जीवाच्या सगळ्या जनुकांवर, काम करायच्या. पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्र मधूनमधून दुबळं होतं, कधी उलटंही होतं. त्या काळात जीवांच्या जीनोममध्ये जास्त बदल झाले का, एवढाच त्यांचा प्रश्न.

मी बेस्ट बससेवेतला सॉफ्टवेअरवाला. जीवशास्त्र गावच्या शाळेतच सुटलं. पण दर शनिवारी सायकल काढून त्यांच्याकडे जायचो, प्रोग्राम लिहून द्यायचो.

सहा वर्षांनी चुंबकीय क्षेत्राचा आणि जीनोममधल्या बदलांचा, दोन्ही आलेख जुळले.
मी देवापुढे साखर ठेवली. आजारी असूनही ताईंनी जर्नलला पेपर पाठवला.

मग एका सकाळी जुन्या फाइल्स चाळताना दिसलं.

जीनोममधले बदल कधी झाले हे मोजायला जीवाश्मांचं वय लागतं. आम्ही घेतलेल्या जीवाश्मांचं वय खडकातल्या चुंबकीय खुणांवरूनच काढलेलं होतं.

म्हणजे चुंबकाकडे बघून घड्याळ लावलं, आणि ते चुंबकाशी जुळतं म्हणून खूश झालो.

त्या जीवाश्मांची यादी मी भरली होती.

बायको म्हणाली, "आता कशाला सांगता? समाधानाने जाऊ दे त्यांना."

दोन दिवस जपाला बसलो की मणी पुढे सरकेना. तिसऱ्या दिवशी गेलो.

ताईंनी सगळं ऐकून घेतलं.

मग म्हणाल्या, "ते जीवाश्म काढून रन केलंस?"
"केलं."
"मग?"
"काहीच उरत नाही, ताई."
"कधी कळलं तुला?"
"परवा."
"गाढवा, दोन दिवस काय करत होतास?"
"धीर होत नव्हता."
"मरतेय मी, दत्ता. डेटा नाही. लॅपटॉप दे इकडे."

पेपर मागे घेण्याची मेल त्यांनी स्वतः टाइप केली. एका बोटाने. चूक स्वतःची, असं लिहिलं.

मी म्हटलं, "यादी माझी होती."
"दहावीला जीवशास्त्रात किती होते?"
"बेचाळीस."
"मग गप्प बस."

त्यांच्या जागी आलेली मुलगी आता वेगळ्या रीतीने वय काढलेले जीवाश्म घेऊन तोच प्रश्न पुन्हा पाहते आहे. उत्तर कदाचित 'नाही' असंच येईल.

ताई समाधानाने गेल्या का, मला माहीत नाही.
खरं काय ते माहीत असून गेल्या.

ताई, वाकून नमस्कार. देव तुम्हाला जवळ ठेवो.