सुटलेली ओळ

स्वतःच्या पेन्शनच्या दाव्यात पुढची तारीख पडली, की गिरदावरसाहेब "बराबर" म्हणायचे. निजामाच्या काळात गिरदावर होते. पटवाऱ्यांचे कागद तपासण्यात सगळी नोकरी गेलेली, त्यामुळे कोर्टाची तारीखही तपासून पास केल्यासारखं वाटायचं.

मी जालन्याच्या कोर्टात नवा कारकून होतो. जुने कागद सगळे उर्दूत आणि आम्हा नव्यांना उर्दूचा गंध नाही. मंठ्याहून मोटारीनं आलेले ते बाकावर बसलेलेच असत. "गिरदावरसाहेब, एवढं वाचता का?" म्हटलं, की कुणाच्याही दाव्यातला कागद ओळीखाली बोट धरून वाचत आणि मी मराठीत उतरवून घेई. उतारा तपासल्याशिवाय मात्र उठत नसत.

एकदा त्यांच्याच नोकरीचं बुक आलं. नियमानं ते त्यांच्याकडून वाचून घेणं चूक होतं, पण दुसरं होतं कोण? वाचता वाचता बोट थांबलं.

"लिवा. तीन महिने बगैर रजा गैरहाजर."

"साहेब, यानं दावा अजून लटकेल."

"माय बिमार होती. अर्ज न देताच गेल्तो. लिवा."

मी मान डोलावली, पण ती ओळ गाळून पुढचं लिहिलं. शेवटी त्यांनी उतारा हातात घेतला, चष्मा पुसला, वरून खाली बोट फिरवलं.

"कारकूनसाहेब, एक ओळ सुटली."

मी ती लिहिली.

"आता बराबर," म्हणाले, आणि पुढची तारीख ऐकायला बाकावर जाऊन बसले.