फोटोवाली दीदी

दीदी कोणाच्याही घरी पहिल्यांदा कॅमेरा घेऊन जात नसे. आधी दोन-तीन महिने ती रायपूरच्या एका तळ्यामागच्या वस्तीत कोणाच्या तरी दारात नुसती बसून राहायची. तिच्या माहितीपटांसाठी मी आवाज रेकॉर्ड करायचे. मला कंटाळा यायचा. ती म्हणायची, "घाई कायची? पहिले त्यायले आपल्याले पाहू दे पोटभर."

आम्ही दोघी विदर्भातून आलेल्या रेल्वेवाल्यांच्या मुली. पण वस्ती तिला 'फोटोवाली दीदी' म्हणायची, तेच मीही उचललं. तिनं लग्न केलं नव्हतं. पुरानी बस्तीत दोन खोल्यांत ती एकटी राहायची. वस्तीत दहा घरचा चहा प्यायची, स्वतःच्या घरी मात्र गॅसजवळ उभ्यानंच जेवायची. मी एकदा टोकलं. "एकटीसाठी काय ताट मांडू?" म्हणाली आणि विषय बदलला.

रायपूर नवी राजधानी झालं, रस्ते रुंद होऊ लागले, आणि एके सकाळी वस्ती उठवायला माणसं आली. भांडी घासून पोट भरणाऱ्या फूलबाईनं साहेबांचे पाय धरले, "साहब, आठ दिन और दे दो." दीदीनं ते टिपलं. मी माइक पुढे केला.

फिल्म जुळवून झाल्यावर दीदीनं ती आधी फूलबाईला दाखवली. फूलबाई हळूच म्हणाली, "ओला झन देखाबे, दीदी. मोर बेटी देखही." ते दाखवू नको, मुलगी बघेल. पाय धरणारी आई तिला दिसायला नको होती. दीदीनं तो प्रसंग त्याच दुपारी काढून टाकला.

मी भांडले. दिल्लीच्या एका महोत्सवाला आम्ही आधी कच्चे तुकडे पाठवले होते, आणि त्यांना आवडला होता तो हाच प्रसंग.

"काहून भांडून राहिली? तोंड तिचं हाय. मी फक्त उसनं घेतलं होतं."

दिल्लीहून नकार आला. तिनं तो दोनदा वाचला आणि कितीतरी वेळ खिडकीशी उभी राहिली.

वस्तीला लांब, शहराबाहेर वसवलेल्या नवा रायपुरात फ्लॅट मिळाले. तिथल्या अंगणात आम्ही संध्याकाळी चादर बांधून फिल्म दाखवली. लोक आपापली पाडलेली दारं ओळखून ओरडत होते. फूलबाईची मुलगी आईला बिलगून हसत होती. फिल्म संपली, सगळे आपापल्या जिन्यांनी वर गेले. चादरीची घडी आम्ही दोघींनी घातली.

पुढे मला नागपूरला नोकरी लागली. फोन कमी होत गेले. काही वर्षांनी एका बैठकीसाठी नवा रायपुरात गेले, तर तिथल्या रिकाम्या रस्त्यावरच्या बसथांब्यावर दीदी बसलेली. फूलबाईला भेटायला आली होती, पण फूलबाई कधीच मुलीच्या सासरी राहायला गेली होती.

"सगळे नवीन लोक हायेत आता," दीदी म्हणाली. "मले इचारलं, कोणाकडे आल्या? काय सांगू?"

तेवढ्यात माझी बस आली.

"थांबू का, दीदी?"

"नाही वं, तू जाय. बैठक हाय ना तुही."

मी चढले.

त्याच वर्षीच्या थंडीत ती गेली. तिच्या भाच्यानं मला कळवलं तेव्हा महिना उलटून गेला होता. त्या दिवशी मला पुढच्या थांब्यावर उतरून मागे चालत येता आलं असतं. बैठकीला उशीर झाला असता, एवढंच.