बंदूक माझ्या हातात दिली होती

स्वातंत्र्याच्या आधी तीन-चार वर्षं मी साताऱ्यात पोलीस नाईक होतो. सरकारी खजिन्यावरचा पहारा माझ्याकडे असे. हाताखाली चार शिपाई. त्यांतला एक जतकडचा, धनगराच्या घरातला. बारा वर्षांच्या नोकरीत त्याला कधी साधी ताकीदसुद्धा मिळाली नव्हती.

एके दुपारी तो पहाऱ्यावर असताना इस्पितळातून निरोप आला. त्याची आई डोळे दाखवायला गावाहून आली होती. तिला कानडीशिवाय दुसरी भाषा येत नव्हती आणि डॉक्टरांना तिचं काही कळत नव्हतं. त्यानं माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, जा, लगेच ये. त्यानं बंदूक माझ्या हातात दिली आणि तो गेला.

अर्ध्या तासात साहेब अचानक तपासणीला आले. जागेवर शिपाई नाही. "कुणाला विचारून गेला?" त्यांनी विचारलं. माझ्या तोंडून निघून गेलं, "मला माहीत नाही, साहेब. बंदूक भिंतीला लावलेली सापडली."

तो परत आला तेव्हा मी सांगितलेलं सगळं कागदावर उतरलं होतं. त्यानं एकदा माझ्याकडे बघितलं, पण माझं नाव घेतलं नाही. आठवड्याभरात तो बडतर्फ झाला. त्याच वर्षी पहाऱ्यावर झोपलेल्या एका शिपायाला फक्त पंधरा दिवस जादा कवायत करावी लागली होती.

माझं अक्षर चांगलं म्हणून अपिलाचा अर्ज लिहून घ्यायला तो माझ्याकडेच आला. माझ्या घराच्या ओट्यावर बसून मी लिहिलं: बारा वर्षांची बेदाग नोकरी, खजिन्याला काही धक्का नाही, चुकीच्या मानानं शिक्षा फार मोठी. झोपलेल्या शिपायाचा दाखलाही दिला. मग लेखणी थांबली.

तोच म्हणाला, "नाईक, बंदुकीचं काय लिवू नगा. तुमची बी नोकरी जाईल. मग दोगांची घरं बसतील."

मी लिहिलं नाही. तो म्हणाला म्हणून लिहिलं नाही, असं पुष्कळ वर्षं मी स्वतःला सांगत आलो. खरं तर तो तसं म्हणेल याचीच मी वाट बघत होतो.

दोन महिन्यांनी पुण्याच्या कचेरीतून विचारणा आली: जाताना शिपायानं बंदूक कुणाच्या ताब्यात दिली? वरच्या कुणाला तरी शंका आली असावी. जबाब मलाच द्यायचा होता. एका ओळीचं काम होतं. मी पुन्हा भिंतच लिहिली आणि सही केली.

तरीही अपील अर्धंमुर्धं मंजूर झालं. शिक्षा जास्त झाली हे पुण्याच्या साहेबांनी मान्य केलं. त्याला परत घेतलं, पण नवा शिपाई म्हणून. मागची बारा वर्षं गेली. नेमणूक वाईला. बंदूक ताब्यात दिल्याचं कळलं असतं, तर ती वर्षंही वाचली असती, असं हेड कारकून मला सहज बोलून गेले.

वाईला जाण्याआधी तो आईला घेऊन घरी आला. म्हातारीनं चाचपत माझे हात धरले आणि ती कानडीत बराच वेळ बोलली. मी त्याला अर्थ विचारला.

"तुमी लिवलं म्हनून पोराची नोकरी आली, म्हनती," तो म्हणाला.

मी हात सोडवून घेतले आणि त्यांच्यासाठी चहा ठेवायला सांगायचं निमित्त करून आत गेलो.