हूं कोण म्हणणार?

मंगळवार, सकाळी अकरा. हजर: नोंदी आणि कामांची यादी ठेवणारी मी, ॲनिमेशन फिल्मसाठी गोष्ट रेकॉर्ड करणारी माझी भाची आणि बरगी गावाकडून आलेले गोंड कथेकरी बाबा.

बाबांनी गोष्टीची पहिली ओळ सांगितली आणि थांबून माझ्याकडे बघत राहिले. विसरले असतील म्हणून मी पाणी दिलं. ते त्यांनी बाजूला सरकवलं.

"दीदी, हूं तो कहिए. कोई सुन ही नहीं रहा, तो किसको सुनाऊँ?"

मी "हूं" म्हटलं. गोष्ट पुढे सरकली.

"मावशी, काहून बोलून राहिली? रेकॉर्डिंग सुरू आहे!"

मी गप्प झाले, तर बाबाही गप्प. शेवटी प्रत्येक ओळीला माझा हूं घेऊनच गोष्ट संपली.

भाची म्हणते, तुझे हूं काढून टाकू. मग पडद्यावर बाबा कोणासाठी थांबतील? मला कळत नाही. माझ्या यादीत 'हूं काढणे' एवढंच काम उरलं आहे.