न ओरडणाऱ्या शेळ्या

मोतीबिंदूनं वडिलांची नजर गेली, तसं माझ्या भावांनी त्यांच्या सगळ्या शेळ्या गुपचूप विकून टाकल्या. तरी वडिलांना गोठ्यात शेळ्या दिसायच्या. "ओरडत कावून न्हाईत गं?" ते मला विचारायचे. "पोटं भरलीत त्यांची," थोरला फिदीफिदी हसायचा. मेल्याला लाज नव्हती. गेवराईचे डॉक्टर म्हणाले, तापात किंवा दारूनं भास होतात, तसं हे नाही. वेडही नाही. नजर गेली की मेंदू स्वतःच चित्रं दाखवतो, पण मुकी. ऑपरेशननं थांबेल. मी भावांशी भांडून ऑपरेशन करवलं. पट्टी सुटल्यावर वडील थेट गोठ्यात गेले. रिकाम्या दावणीकडे बघत राहिले. मग म्हणाले, "लई उपकार केलेस, पोरी. आता काईच दिसत न्हाई."