पेकिंगचे फोटो आणि ठाणेदारांची बदली

"हे लाल गोल कायचे?" ठाणेदारांनी विचारलं.

ठाण्यातल्या टेबलावर माझी चिनी मासिकं पडली होती; त्यांतल्या फोटोंमधल्या काही चेहऱ्यांभोवती मी लाल पेन्सिलीने गोल केले होते. आदल्या दिवशी हवालदार घरी येऊन ती उचलून घेऊन गेला होता. आणीबाणीचे दिवस. मी नागपूरला चीनच्या परराष्ट्र धोरणावर पीएच.डी. करत होतो आणि निवांत लिहिता यावं म्हणून शेलूबाजारजवळच्या आमच्या गावी आलो होतो. चीन म्हणजे शत्रू. त्याची मासिकं हाँगकाँगहून मागवणारा कोण, हे गावाच्या दृष्टीने उघडच होतं. बाबा बाहेर बाकावर बसले होते. लोकांच्या शेतात राबून त्यांनी मला शिकवलं होतं. मला त्यांच्याकडे बघवत नव्हतं.

मी समजावलं. पेकिंगमध्ये कोण चढला, कोण घसरला, हे कुणी जाहीर करत नाही. ते फोटोत बघायचं. मुख्य पुढाऱ्याजवळ कोण उभा आहे, परदेशी पाहुण्याला घ्यायला कोण गेलाय, यावरून पुढचं धोरण ताडायचं.

"अन् हा गोल?"

"कडेला ढकललेला माणूस. याचे दिवस भरले."

ठाणेदार उठले. भिंतीवरचा फोटो काढून त्यांनी माझ्यापुढे ठेवला. पुलाचं उद्घाटन. मधे मंत्री, शेजारी एस.पी. ठाणेदार अगदी टोकाला, अर्धा खांदा चौकटीबाहेर.

"सांगा."

खोटं बोलावं तर माझी पद्धतच खोटी ठरत होती.

"साहेब, तुमची बदली होणार."

हवालदाराला खोकला आला.

"बरं," ठाणेदार म्हणाले. "मासिकं इथंच राह्यतीन. बदली झाली तं तुमचा अभ्यास खरा. नाही झाली, तं तुमी काय करून राह्यले ते वर कळवा लागन मले."

माझा प्रबंध अडला. परक्या माणसाच्या बदलीसाठी मी असा जीव टांगणीला लावून पुन्हा कधी बसलो नाही. बाबा रोज सकाळी विचारत, "गेला का रे ठाणेदार?"

बदल्यांचा मोसम आला आणि गेला. ठाणेदार जागेवरच. मग एक दिवस हवालदार बोलवायला आला. बाबांनी पिशवीत माझे दोन कपडे आणि चादर भरली.

ठाण्यात पुलाच्या उद्घाटनाचा फोटो काढणारा वाशिमचा फोटोग्राफर बसला होता.

"यायले सांग रे," ठाणेदार त्याला म्हणाले.

"उंच मानसं मी कडेले उभी करतो साहेब. मधात ठेवली तं मागच्याचं तोंड झाकते."

ठाणेदार सहा फुटांचे होते. मी पिशवी घट्ट धरली.

"लय इचार केला प्रोफेसर," ते म्हणाले. "हेर मानूस इतका चुकत नाही. तुमाले कोन कायले कामावर ठेवन? न्या तुमची मासिकं."

बाबांनी गठ्ठा उचलला आणि घरापर्यंत मला हात लावू दिला नाही.

प्रबंधात मी एक तळटीप घातली: उभं राहण्याच्या जागेवरून निष्कर्ष काढण्यापूर्वी माणसाची उंची पाहावी. परीक्षकांनी त्या तळटिपेचं खास कौतुक केलं. हे कुठे सुचलं, ते मात्र विचारलं नाही.